सगुणा अक्काची सतरा घरं

सगुणा अक्का गेली तेव्हा आमच्या लोकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तिचा फोटो आला. भोवती फुलांची चौकट, खाली दिवा आणि मजकूर: 'शांत, मायाळू, क्षमाशील अशा आमच्या अक्का...' शांत ती नव्हती. मायाळू होती, पण तिची माया अंगावर यायची. आणि क्षमाशील? ज्यानं हे लिहिलं त्याचं अक्काशी कधी वाकडं आलं नसणार. मला तिनं माफ केलं नाही. शेवटची दीड वर्षं ती माझ्याशी एक शब्द बोलली नाही, आणि तिचं बरोबर होतं. ते एक विशेषण खोडावं एवढ्यासाठी मी हे लिहायला बसलो आहे.

आम्ही कुंभकोणमचे मराठी. घरात मराठी, उंबऱ्याबाहेर तमिळ. आमची मराठी ऐकून पुण्याचे पाहुणे हसतात, आजोबांच्या आजोबांशी बोलल्यासारखं वाटतं म्हणतात. बोलतो सगळे, वाचणारे थोडे. मी हिंदीच्या परीक्षा दिल्या म्हणून मला देवनागरी येते. बाकीच्यांना मराठी लिहायची वेळ आलीच तर ते तमिळ अक्षरांत लिहितात. ही गोष्ट पुढं लागेल म्हणून आत्ताच सांगून ठेवतो.

अक्का आमच्या लोकांची लग्नं जुळवायची. त्यासाठी कुणाकडून काही घ्यायची नाही. लग्न पार पडलं की एक नारळ आणि एक खण, बस. बुटकी, नऊवारी, दोन्ही नाकपुड्यांत चमकी, काखेत छत्री आणि खांद्याला कापडी पिशवी. टाउन बसमधून तिरुविडैमरुदूर, इन्नंबूर, तिरुवलंचुळी अशी फिरायची. कंडक्टर तिला उतरायचं ठिकाण विचारायचे नाहीत, आज कुणाचं लग्न ते विचारायचे.

तिची एक रीत होती. कुणाच्याही घरी गेली की आधी बसायची नाही. उभी राहून म्हणायची, "चांगलं सगळे सांगितात. एक वाईट सांगा, मग बसतें." मुलाचं किंवा मुलीचं एक तरी उणं आईबापांनी स्वतःच्या तोंडानं सांगायचं. दुसऱ्या घरीही तसंच. मग दोन्हीकडची उणी ती दोन्हीकडे पोचवायची, पण समोरासमोर बसून आणि योग्य वेळी. "वाईट उशिरा कळलं कीं त्याचं विष होतें," म्हणायची. "वेळेवर कळलं कीं तें नुसतं वाईट असतें."

एकदा एका मुलाचा बाप छाती काढून म्हणाला, "आमच्या मुलांत वाईट म्हणून काहीं नाही, अक्का."

"काहींच नाही?"

"काहींच नाही."

"मग त्याला देवळांत बसवा. मी फुलं घेऊन येतें." आणि छत्री उचलून चालू लागली. बाप मागून धावत आला आणि भर रस्त्यात, भाजीवालीच्या देखत म्हणाला, "अंथरुणांत सिगारेट ओढितो!" अक्का परत फिरली आणि आत जाऊन बसली.

तिला फसवणाऱ्याची खैर नसायची. तिरुवलंचुळीच्या एका घरानं खोटी जन्मपत्रिका करून मुलाचं वय चार वर्षांनी कमी दाखवलं होतं. लग्न झाल्यावर अक्काला कळलं. ती भांडली नाही. त्या घरच्या प्रत्येक मुंजीला, बारशाला, गृहप्रवेशाला हजर राहू लागली. पोटभर जेवायची, लेकरांना आशीर्वाद द्यायची, आणि निघताना पंक्तीत ऐकू जाईल अशा आवाजात मुलाच्या बापाला विचारायची, "तुमच्या मुलाचं वय आतां किती हो?" असं अकरा वर्षं चाललं. आमंत्रण न देण्याचा प्रयत्नही त्यांनी करून पाहिला. ती बिनआमंत्रणाची आली. शेवटी एका डोहाळजेवणात तो म्हातारा हात जोडून खरं वय बोलला. अक्कानं मान डोलावली आणि तेव्हापासून विचारणं बंद केलं. माफ केलं असं मात्र नाही. मी एकदा म्हणालो, "अक्का, आतां तरी सोड त्यांना." तर म्हणाली, "देव सोडितो. त्याला बसूनच असायचें आहे. मला कामं आहेत."

ऐकलेलं सगळं ती वह्यांत लिहून ठेवायची. कुणाच्या घरी कसला आजार, कुठली मुलगी कुणाला नाही म्हणाली आणि का, कुठला मुलगा एकदा घरातून पळाला होता. लिहायची मोडीत. तिचे वडील जुने कागद नकलून द्यायचं काम करीत; त्यांनी तिला लहानपणी शिकवली होती. अख्ख्या कुंभकोणमात ती लिपी वाचणारं दुसरं कुणी उरलं नव्हतं. वह्या पडवीतल्या फळीवर उघड्या असत. चोर आला असता तरी रद्दी म्हणून सोडून गेला असता.

त्या वह्या तिथून मी काढायला लावल्या.

महामहम तळ्यापासून जवळच माझं दुकान आहे: झेरॉक्स, टायपिंग, कॉम्प्युटर दुरुस्ती. अक्काची नजर कमी होऊ लागली तेव्हा मी म्हणालो, "हें सगळं कॉम्प्युटरवर घालूं. नांव टाकलं कीं घर समोर." तिची पुतणी हे काम पुढं चालवणार होती आणि तिला फक्त तमिळ वाचता येत असे. म्हणून ठरलं, मराठी मजकूर तमिळ अक्षरांत. दुपारी तीनला मी जायचो. अक्का अंगठा ओळीखाली सरकवत, सपाट आवाजात वाचायची, मी टाइप करायचो. दोनशेच्या वर घरं झाली. प्रत्येक घराची वेगळी फाईल.

आमच्या घराचं पान आलं तेव्हा तिनं ते न वाचता उलटलं. मीही विचारलं नाही. त्या पानावर काय आहे ते मला ठाऊक होतं.

कॉम्प्युटर मीच जुळवून दिला होता. त्यातल्या सॉफ्टवेअरचं लायसन्स घेतलेलं नव्हतं. लायसन्स मागणं बंद करणारा एक छोटा प्रोग्रॅम असतो, ॲक्टिव्हेटर म्हणतात. गावातल्या निम्म्या कॉम्प्युटरवर मीच तो टाकलेला. दोन वर्षांनी अक्काच्या पडद्यावर लायसन्सची सूचना पुन्हा यायला लागली. जुना प्रोग्रॅम चालेना. मी तिच्याच कॉम्प्युटरवर शोधून एक नवा उतरवला. कुठल्या साइटवरून, आज सांगता येणार नाही. मी पाहिलंच नव्हतं. फाईल पासवर्ड लावून बंद केलेली होती. आतलं अँटिव्हायरसला दिसू नये म्हणून तसं करतात, हे मला ठाऊक होतं. सोबतच्या मजकुरात पहिली सूचना होती: आधी अँटिव्हायरस बंद करा. तरी तो बंद करण्याआधी एकदा लाल चौकट दाखवून ओरडलाच.

"तें लाल काय?" अक्कानं विचारलं.

"राखणदार आहे, अक्का. असल्या फायलींवर तो ओरडतोच. दोन मिनिटं बंद ठेवितों."

"ओरडतो म्हणून राखणदाराला बांधून ठेवितोस?"

"अय्यो अक्का, शंभर ठिकाणीं केलं आहे. काहीं होत नाही."

तिनं मला कॉफी दिली. सूचना गेली, कॉम्प्युटर छान चालू लागला, मी खूश होऊन घरी आलो. राखणदाराला पुन्हा सोडायचं मी विसरलो. विसरलो असं लिहितो. खरं म्हणजे मी ते कधीच करत नसे.

तीनेक आठवड्यांनी, पत्रिका पाठवायला मी उघडून दिलेल्या तिच्या मेलवर, इंग्रजीत एक मेल आला. तिनं मला बोलावून वाचायला सांगितलं. तुमच्या सगळ्या फायली आमच्याकडे आहेत, पैसे पाठवा, नाहीतर तुमच्या ओळखीच्या सगळ्यांना पाठवू. खाली तीन फायलींची नावं होती. नावं बरोबर होती. त्या क्षणी मी खरं बोललो असतो तर काही वाचलं असतं. पासवर्ड बदलता आले असते, घरोघर आधी कळवता आलं असतं. मी म्हणालो, "कचरा मेल आहे. सगळ्यांना येतात." आणि पुसून टाकला.

चौथ्या दिवशी अक्काच्या स्वतःच्या मेलवरून तिच्या यादीतल्या प्रत्येकाला सतरा फायली गेल्या. नमुन्यादाखल सतरा. बाकीच्या आजही कुणाकडे आहेत, मला ठाऊक नाही. मराठी मजकूर, तमिळ अक्षरं. आमच्या लोकांतल्या लहानथोर सगळ्यांना वाचता आला.

तिरुविडैमरुदूरच्या वसुधाचं लग्न पंधरा दिवसांवर होतं. तिच्या आईला बाळंतपणानंतर काही महिने मानसिक रुग्णालयात ठेवलं होतं. हे अक्का मुलाकडच्यांना त्याच आठवड्यात, समोर बसून सांगणार होती. तसं आईशी ठरलंही होतं. ते त्यांना मेलमधून कळलं, आणि त्यांच्याआधी त्यांच्या सगळ्या नातेवाइकांना. लग्न मोडलं.

अक्काचा भाचा चेन्नईला कॉम्प्युटरच्या सुरक्षेचंच काम करतो. तो आला, अर्धा तास बसला आणि त्यानं तिला सगळं समजावून दिलं. लायसन्स बंद करायच्या प्रोग्रॅमबरोबर दुसरा एक आत शिरला होता. त्यानं साठवलेले पासवर्ड उचलले, फायली उचलल्या. दार बाहेरून फोडलेलं नव्हतं, आतून उघडून दिलेलं होतं.

मग मला निरोप आला.

अक्का पडवीत बसली होती. मांडीवर मोडीची वही. कॉम्प्युटरवर चादर टाकलेली. मी पायाशी बसलो. "अक्का, मला माफ कर," म्हणून रडायला लागलो.

"झालं का रडून?" तिनं विचारलं. "मग ऐक." आणि अंगठा ओळीखाली धरून, दोनशे घरांची पानं जशी वाचली तशाच सपाट आवाजात माझं पान वाचू लागली.

"वेंकटराव. बाराव्या वर्षापासून फेफरं. तंजावरच्या डॉक्टरची गोळी रोज. लग्नाचे वेळीं आईनें माझ्या पायांवर डोकें ठेविलें, मुलीकडे सांगूं नका म्हणून. सांगितलें नाही." तिनं वही मिटली. "तुझंच पान तेवढं यंत्रांत गेलं नाही. तूं टाइप करीत होतास, तुला लाज वाटूं नये म्हणून मी उलटलं. तूं काय केलंस?"

मी चादर टाकलेल्या कॉम्प्युटरकडे पाहिलं.

"सतरा घरं. एकेका घरीं जायचं. त्यांचं तूं कसं उघडं केलंस तें सांगायचं. राखणदार बांधलास, तो मेल पुसलास, सगळं. नि मग स्वतःचं हें पान सांगायचं. तोंडानं."

"पद्माला ठाऊक नाही, अक्का." पद्मा माझी बायको. बावीस वर्षं तिला ती गोळी डोकेदुखीची म्हणून माहीत होती.

"तें मला ठाऊक आहे."

"मग आधीं तिला सांगूं दे. बाहेरून कळलं तर—"

"तुझं घर शेवटीं," अक्का म्हणाली. "त्या मुलीच्या आईचं कसं बाहेरून कळलं? तसं."

सूड म्हणतात तो मी त्या दिवशी पाहिला. तो आरडाओरडा करत नव्हता. चष्मा पुसत होता.

न जायचा विचार आला नाही असं नाही. पण रात्री ती गोळी घेताना पद्मानं पाण्याचा पेला पुढं केला, आणि सकाळी मी पहिल्या घरी गेलो.

काही घरांनी मला आत घेतलं नाही. मी जिन्यावर उभा राहून बोललो. एका घरी बाईंनी मधेच थांबवून म्हातारा सासरा आणि सुना, सगळ्यांना बाहेर बोलावलं आणि म्हणाल्या, "आतां पहिल्यापासून सांगा." सांगितलं. एका गृहस्थांनी माझं फेफरं ऐकून विचारलं, "नि हा हात तुम्ही आमच्या कॉम्प्युटरलाही लाविला होतात, नाही का?" लावला होता. त्यांच्यासमोर बसून मी तो प्रोग्रॅम काढला, सगळं पुसून नव्यानं भरलं. दुकानाचं गिऱ्हाईक त्या महिन्यात ओसरलं. ओसरायलाच हवं होतं.

इन्नंबूरला भातशेतीवाले एक वृद्ध आहेत. त्यांच्या मुलाचं एक जुनं प्रकरण बाहेर आलं होतं. ते माझं सगळं ऐकून हसायला लागले. "अरे, तुझं फेफरं? शाळेच्या मैदानात माझ्या देखत पडला होतास तूं! माझा भाऊ तुमचा पी.टी. मास्तर. सगळ्या शाळेला ठाऊक होतं." मग हसू थांबवून म्हणाले, "माझ्या मुलाचं मात्र कुणाला ठाऊक नव्हतं." थोड्या वेळानं म्हणाले, "परवा सगुणा येऊन गेली."

"अक्का? इथं?"

"उन्हांत चालत आली बसस्टॉपपासून. उभीच राहिली. तुम्ही विश्वासानं सांगितलंत तें मी यंत्राच्या हातीं दिलं, म्हणाली. मी म्हटलं बसा. बसली नाही."

तेव्हा मला कळलं की ती माझ्या पुढं पुढं चालली होती. पुढं विचारलं तर प्रत्येक घरी ती माझ्याआधी जाऊन आली होती. मला तिनं ते सांगितलं नव्हतं. माझ्यासाठी जशी यादी केली तशी तिनं आधी स्वतःसाठी केली होती.

तिरुविडैमरुदूरचं घर मी पुढं ढकलत सोळावं केलं होतं. दार वसुधानं उघडलं. मी उभ्याउभ्या सांगू लागलो. तिची आई आतून येऊन भिंतीला टेकून ऐकत राहिली. माझ्या आजाराचं सांगून झाल्यावर आई हळूच म्हणाली, "गोळी चुकवूं नका हां. मी एकदां चुकविली होती."

वसुधा म्हणाली, "आई, तूं आत जा." मग मला म्हणाली, "तुमचं तुम्ही सांगताय. कुठं सांगायचं, कुणाला, कुठले शब्द, सगळं तुम्ही ठरवताय. आईला कुणी विचारलं होतं?"

"नाही."

"मग बरोबरी झाली असं समजूं नका." आणि दार लावलं. जोरात नाही. कडी घातल्याचा आवाज मी ऐकला.

त्यानंतर एकच घर राहिलं होतं, तेही झालं. आणि मग माझं. तोपर्यंत गावात सगळीकडे झालं होतं. पद्माला कळलं असणार हे मला दिसत होतं. ती वाढायची, झाकायची, टीव्ही लावायची, आणि आवाज बंद ठेवून बघत बसायची. मी तोंड उघडलं की उठून जायची. मला वाटतं, ती माझी पाळी यायची वाट पाहत होती.

त्या दिवशी दुपारी मी सतराव्या घराहून परतलो तर दारात अक्काच्या चपला. आत पद्मा खुर्चीवर बसलेली आणि अक्का तिच्यासमोर उभी. अठ्ठ्याहत्तर वर्षांची बाई, एक हात दाराच्या चौकटीला धरून उभी होती. मला पाहून ती थांबली नाही.

"तुझ्या लग्नांत मला ठाऊक होतं, पद्मा. साऱ्या जन्मांत ती एकच वेळ, मी वाईट लपविलं. त्याच्या आईचे डोळे पाहिले, तुझे पाहिले नाहींत. बावीस वर्षं तुझ्या हातची कॉफी पीत आलें. तें सांगायला आलें."

पद्मानं वर पाहिलं. तिचा आवाज मी कधी ऐकला नव्हता असा होता.

"अक्का, मी तुम्हांला माफ करणार नाही."

अक्काचा चेहरा बदलला. मला वाटलं आता ही कोसळते. पण तिच्या खांद्यांवरून काहीतरी उतरल्यासारखी ती ताठ झाली, आणि पहिल्यांदाच त्या घरात तिनं पद्माच्या डोक्यावर हात ठेवला.

"करूं नको," ती म्हणाली. "मी असते तर मीही केलं नसतं."

मग छत्री घेतली. माझ्या बाजूनं जाताना माझ्याकडे न पाहता म्हणाली, "माझं झालं. आतां तूं." ती मला बोललेली शेवटची वाक्यं.

खिडकीतून मला ती दिसत होती. कोपऱ्यावर तिनं ऑटो थांबवली आणि भाड्यावरून तमिळमध्ये ऑटोवाल्याला असं काही झापायला लागली की समोरच्या घरातले लोक बाहेर आले. "एन्नप्पा, म्हातारीला पाहून दर वाढवितोस?" अशा अर्थाचं काहीतरी. ऑटोवाला हात जोडत होता. ती चढेना. तिच्या हातातली छत्री हवेत वरखाली होत होती.

पद्मानं उठून खिडकी लावली. मग पुन्हा खुर्चीवर येऊन बसली, आणि समोरच्या, मघाशी अक्का उभी होती त्या जागेकडे बोट करून म्हणाली, "तिथं उभं राहून सांगा. पहिल्यापासून."